बेकी सावरब्रन : २१९ सामने, शून्य गोल (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

अमेरिकेच्या महिला फुटबॉलचा विषय निघाला की नावं ठरलेली असतात. मेगन रॅपिनो, अ‍ॅलेक्स मॉर्गन, कार्ली लॉइड, आणि जुन्यातली मिया हॅम. मी त्यात बेकी सावरब्रनचं नाव घालते आणि मग विचारणा सुरू होते. प्रश्न बहुतेक तेच असतात, पण विचारणाऱ्याला खरोखर जाणून घ्यायचं असतं. म्हणून एकदा बसून उत्तरं नीट लिहून काढली.

ही बेकी सावरब्रन नेमकी कोण?

अमेरिकेच्या राष्ट्रीय संघाची मध्यवर्ती बचावपटू, म्हणजे सेंटर बॅक. जन्म ६ जून १९८५, मिसुरी राज्यातल्या सेंट लुईसचा. संघासोबत दोन विश्वचषक जिंकले, २०१५ आणि २०१९. लंडन ऑलिम्पिकचं सुवर्ण आणि टोकियोचं कांस्यही तिच्या नावावर आहे. अमेरिकेच्या व्यावसायिक लीगमध्ये, म्हणजे एनडब्ल्यूएसएलमध्ये, तीन विजेतेपदं मिळवली आणि वर्षातली सर्वोत्तम बचावपटू म्हणून चार वेळा निवड झाली : २०१३, २०१४, २०१५ आणि मग थेट २०१९. जर्सीचा क्रमांक ४. डिसेंबर २०२४ मध्ये, वयाच्या ३९व्या वर्षी तिने निवृत्ती जाहीर केली.

सेंट लुईसबद्दल एक गोष्ट सांगायलाच हवी. अमेरिकेत फुटबॉल अलीकडे आला असं आपल्याला वाटतं, पण हे शहर जुनं फुटबॉलवेडं आहे. १९५० च्या विश्वचषकात अमेरिकेने इंग्लंडला १-० ने हरवून जगाला चकित केलं, त्या संघातले पाच खेळाडू एकट्या सेंट लुईसचे होते. बेकी या मातीतली, आणि दोन थोरल्या भावांच्या पाठीमागे खेळत वाढलेली.

आडनाव कसं उच्चारायचं?

आडनाव जर्मन वळणाचं आहे. अमेरिकेत पहिला भाग 'सावर'च्या जवळ जाणारा आणि पुढे 'ब्रन' असा उच्चार करतात. मराठीत लिहिताना मी 'सावरब्रन' लिहिते. सावरणं हा तिचा पंधरा वर्षांचा धंदा होता, त्यामुळे हे अक्षर लिहिताना मला दर वेळी बरं वाटतं.

राष्ट्रीय संघाकडून खरंच एकही गोल नाही?

नाही. २१९ सामने आणि शून्य गोल. गोलरक्षक सोडल्या, तर अमेरिकेच्या महिला संघात गोलाशिवाय इतके सामने दुसऱ्या कुणीही खेळलेले नाहीत.

हे ऐकून लोक तिची कीव करतात, पण हा आकडा तिच्या कामाचंच वर्णन आहे. कॉर्नर मिळाला की उंच बचावपटू पुढे धावतात, हेडरने गोल करायचा प्रयत्न करतात. २०१५ च्या संघात ते काम ज्युली जॉन्स्टन करायची (लग्नानंतर ती ज्युली अर्ट्झ झाली). पण सगळेच पुढे गेले आणि बॉल उलटा आला तर? कुणीतरी मध्यरेषेजवळ थांबून प्रतिस्पर्ध्याच्या वेगवान आघाडीपटूवर डोळा ठेवायला हवा. तो पहारा बहुतेकदा सावरब्रनचा असे. लग्नघरात सगळे मांडवात असताना एक माणूस स्वयंपाकघरात थांबलेलं असतं ना, ज्याचा फोटो कुठल्याच अल्बममध्ये नसतो, तसं.

मग बचावपटू चांगली आहे हे ओळखायचं कसं? गोल मोजता येतात, हे कसं मोजणार?

मला सगळ्यात आवडणारा प्रश्न हाच आहे, म्हणून थोडं सविस्तर.

मी कॉलेजच्या संघात डाव्या बाजूला बचावात खेळायचे. मैदान मुरमाचं होतं. माझी समजूत अशी की बचावपटू म्हणजे घसरत जाऊन बॉल काढणारी. दर आठवड्याला मांडी आणि कोपर सोलून निघायचं, टिंक्चर लावताना डोळ्यांत पाणी यायचं, आणि त्याचा मला अभिमानही वाटायचा. पुढे सावरब्रनचे सामने बघायला लागले तेव्हा लक्षात आलं की ही बाई जमिनीवर पडतच नाही.

पुढच्या वेळी नीट बघा. आघाडीपटू बॉल घेऊन अंगावर येते आहे. सावरब्रन तिच्याकडे झेपावत नाही. शरीर किंचित तिरकं, गुडघे वाकलेले, अंतर साधारण हातभर, आणि छोटी छोटी पावलं टाकत मागे सरकत राहते. नजर समोरचीच्या डोळ्यांकडे किंवा खांद्यांकडे नसते, कारण ते फसवतात. नजर बॉलवर असते. तिरकं उभं राहिल्यामुळे समोरचीला एकच वाट मोकळी दिसते, तीही बाहेरची, गोलपासून लांब नेणारी. ती त्या वाटेला लागते. कधीतरी एक क्षण असा येतो की बॉल तिच्या पायापासून अर्ध्या फुटाने जास्त पुढे जातो. तेवढ्यात सावरब्रनचा पाय तिथे पोचलेला असतो. बॉल काढून घेते, मान वर करते, जवळच्या मध्यरक्षकाला साधा पास देते. टाळ्या पडत नाहीत, कारण काही घडलं आहे असं प्रेक्षकांना वाटतच नाही.

घसरून टॅकल करणं हा बहुतेक वेळा उशिराचा उपाय असतो. आधीची दोन पावलं चुकली की पडावं लागतं. एकदा पडलात की उठेपर्यंत संघ एका माणसाने कमी. हे मला कुणी मैदानावर शिकवलं नव्हतं.

सावरब्रन काही फार उंच नव्हती, सुमारे १७० सेंटीमीटर, आणि वेगासाठीही तिचं नाव घेतलं जात नसे. तिला पुढचं आधी दिसायचं. मैदानाबाहेरही ती पुस्तकातला किडा म्हणून प्रसिद्ध होती, विशेषतः विज्ञानकथा आणि अद्भुतकथांची. वाचायची सवय पायांत उतरते का, हे मला सिद्ध करता येणार नाही. मला मात्र तसं मनापासून वाटतं.

राष्ट्रीय संघात ती लगेच स्थिरावली का?

अजिबात नाही. व्हर्जिनिया विद्यापीठाकडून खेळून ती जानेवारी २००८ मध्ये राष्ट्रीय संघात आली. चीनमधल्या ग्वांगजो शहरात कॅनडाविरुद्ध पहिलाच सामना, आणि त्यातच नाक मोडलं. त्यानंतर दोन वर्षांहून जास्त काळ तिला बोलावणंच आलं नाही. २०१० मध्ये पुन्हा संधी मिळाली.

२०११ च्या जर्मनीतल्या विश्वचषकात ती राखीव फळीत बसली होती. ब्राझीलविरुद्धच्या उपांत्यपूर्व सामन्यात रेचल बेलरला लाल कार्ड मिळालं आणि फ्रान्सविरुद्धच्या उपांत्य सामन्यात सावरब्रनला उतरवावं लागलं. स्पर्धेतला तिचा हा एकमेव सामना. अमेरिका ३-१ ने जिंकली. अंतिम सामन्याला बेलर परतली आणि ही पुन्हा बाकावर. लंडन ऑलिम्पिकमध्येही ती मुख्यतः राखीवच होती. संघातली जागा तिची म्हणावी अशी झाली तेव्हा तिशी जवळ आली होती.

इतके क्लब का बदलले?

ती क्लब सोडत गेली असं कमी वेळा झालं. पायाखालचे क्लबच नाहीसे होत गेले.

२००९ मध्ये डब्ल्यूपीएस ही व्यावसायिक लीग सुरू झाली. सावरब्रन वॉशिंग्टन फ्रीडममध्ये होती. मधल्या काळात नॉर्वेच्या रोआ क्लबकडूनही खेळली. २०११ मध्ये फ्रीडम विकला गेला, फ्लोरिडाला हलला, नाव झालं मॅजिकजॅक. २०१२ मध्ये अख्खी लीग बंद पडली.

२०१३ मध्ये एनडब्ल्यूएसएल उभी राहिली. सुरुवातीचा पगार ऐकून ठेवा : हंगामाला किमान ६,००० डॉलर, कमाल ३०,०००. राष्ट्रीय संघातल्या खेळाडूंचे पगार फुटबॉल महासंघ भरत असे, म्हणून त्यांचं जरा बरं होतं. बाकीच्या मुली कुणाच्या तरी घरी राहून, जोडीला दुसरी नोकरी करून खेळत. अमेरिकेत पैसा भरपूर, तिथे खेळाडूंची चैन असणार असं म्हणणाऱ्यांना मी हे आकडे सांगते.

सावरब्रन एफसी कॅन्सस सिटीत गेली. प्रशिक्षक व्लात्को आंदोनोव्स्की, जे २०१९ मध्ये राष्ट्रीय संघाचे प्रशिक्षक झाले. २०१४ आणि २०१५, लागोपाठ दोन विजेतेपदं, दोन्ही वेळा अंतिम सामन्यात सिअ‍ॅटल रेनला हरवून. २०१७ संपता संपता तो क्लबही बंद झाला. खेळाडू युटा रॉयल्सकडे सोपवले गेले. २०२० मध्ये ती पोर्टलंड थॉर्न्समध्ये आली आणि शेवटपर्यंत तिथेच राहिली. २०२२ मध्ये वॉशिंग्टनमधल्या अंतिम सामन्यात पोर्टलंडने कॅन्सस सिटी करंटला २-० ने हरवलं. तेव्हा ती ३७ वर्षांची होती.

२०१५ चा विश्वचषक तिच्यामुळे जिंकला असं म्हणता येईल का?

एकटीमुळे कुणीच जिंकत नाही. लोकांच्या लक्षात राहिली ती अंतिम सामन्यातली कार्ली लॉइडची सोळा मिनिटांतली हॅटट्रिक, आणि ते रास्तच आहे. आपल्याकडे सोमवारी पहाटे साडेचारला तो सामना सुरू झाला, जपानविरुद्ध, व्हँकूव्हरमध्ये. मी दूधवाल्याच्या आधी उठले होते आणि चहा उकळेपर्यंत लॉइडचे गोल होऊन गेले होते.

पण तिथवर अमेरिका पोचली कशी? सलामीच्या सामन्यात ऑस्ट्रेलियाने २७व्या मिनिटाला एक गोल केला. त्यानंतर अमेरिकेवर गोल झाला तो थेट अंतिम सामन्याच्या २७व्या मिनिटाला. मधले पाच सामने, स्वीडन, नायजेरिया, कोलंबिया, चीन, जर्मनी, एकही गोल नाही. सलग ५४० मिनिटं. गोलमध्ये होप सोलो. पुढे डावीकडे मेगन क्लिंगनबर्ग, उजवीकडे अ‍ॅली क्रीगर, मध्ये जॉन्स्टन आणि सावरब्रन. सावरब्रन स्पर्धेतला प्रत्येक मिनिट खेळली.

सुरुवातीच्या सामन्यांत अमेरिकेची आघाडी चाचपडत होती, गोल होत नव्हते. १-० आणि २-० वर निभावत नेलं ते या चौघींनी. आक्रमणाला सूर सापडेपर्यंत त्यांनी संघाला वेळ मिळवून दिला. माझ्या मते त्या विश्वचषकाची खरी कहाणी हीच आहे.

तिच्या चुका झाल्याच नाहीत का?

झाल्या, आणि मोठ्या सामन्यांत झाल्या. २०१९ मध्ये स्पेनविरुद्ध गोलरक्षक अलिसा नेअरने तिला गोलसमोरच्या पेटीच्या तोंडाशी आखूड पास दिला, स्पेनच्या खेळाडूने मागून येऊन बॉल हिसकावला आणि जेनी एर्मोसोने गोल केला. अमेरिका कशीबशी २-१ ने सुटली.

त्याहून कठीण प्रसंग आला इंग्लंडविरुद्धच्या उपांत्य सामन्यात. अमेरिका २-१ ने पुढे, ८४वं मिनिट. इंग्लंडची एलन व्हाइट गोलपासून हाताच्या अंतरावर, बॉल आडवा येतो आहे, आणि तिचा फटका हुकतो. रिप्लेमध्ये दिसलं की मागून सावरब्रनचा पाय तिला लागला होता. व्हिडिओ बघून पंचांनी पेनल्टी दिली. पेनल्टीची तयारी चालू असताना सावरब्रनचा चेहरा कॅमेऱ्यात आला होता. ती हात पसरून पंचांशी हुज्जत घालत नव्हती. पेटीच्या कडेला जाऊन उभी राहिली, नेअरच्या हातून बॉल सुटला तर पहिली पोचता यावी म्हणून. इंग्लंडच्या स्टेफ हॉटनचा फटका नेअरने अडवला. बचावपटूचं आयुष्य असं असतं. आघाडीपटूने पाच संधी घालवल्या आणि सहावी साधली तर ती नायिका. बचावपटूची एकच चूक, आणि तीच गल्लीपर्यंत पोचते.

डोक्याला पट्टी बांधून खेळली ती हीच का?

हीच. २०१९ चा अंतिम सामना, ७ जुलै, फ्रान्समधलं लियों शहर, समोर नेदरलँड्स. दुसऱ्या डावात हेडरसाठी उडी घेताना दोघींची डोकी आदळली आणि हिच्या कपाळाच्या वर फुटलं. रक्त वाहत होतं. बाहेर नेलं, डोक्याभोवती पट्टी आवळली आणि ती परत आली. पुढे रॅपिनोने पेनल्टीवर आणि रोझ लव्हेलने लांबून धावत येऊन गोल केला. २-०, आणि नेदरलँड्सचा गोल शून्य. पदक गळ्यात घेतानाच्या छायाचित्रांत ती पट्टी दिसते.

डोक्याला मार लागल्यावर परत उतरावं की नाही, यावर आज जास्त काळजीने विचार होतो आणि तसाच व्हायला हवा. हा प्रसंग मुलींना 'असंच करा' म्हणून सांगू नये असं मला वाटतं.

ऑलिम्पिकमध्ये काय झालं?

२०१२ मध्ये सुवर्ण. २०१६ मध्ये ती कार्ली लॉइडसोबत सहकर्णधार होती आणि संघ उपांत्यपूर्व फेरीतच स्वीडनकडून पेनल्टी शूटआउटमध्ये हरला. २०२१ मध्ये झालेल्या टोकियो ऑलिम्पिकमध्ये ती कर्णधार. पहिल्याच सामन्यात स्वीडनने ३-० ने धुतलं, उपांत्य सामन्यात कॅनडाकडून १-० ने हार, आणि ऑस्ट्रेलियाला ४-३ ने हरवून कांस्य.

समान वेतनाच्या लढ्यात तिचा वाटा किती?

खूप मोठा, आणि इथेही ती मागच्या फळीतच दिसते.

मार्च २०१६ मध्ये पाच खेळाडूंनी अमेरिकेच्या समान रोजगार संधी आयोगाकडे तक्रार नोंदवली : लॉइड, मॉर्गन, रॅपिनो, सोलो आणि सावरब्रन. ८ मार्च २०१९ रोजी, महिला दिनी, संघातल्या २८ जणींनी महासंघाविरुद्ध न्यायालयात दावा लावला. मे २०२० मध्ये न्यायाधीशांनी वेतनाचा मुद्दा फेटाळला. बऱ्याच जणांना वाटलं, संपलं. खेळाडूंनी अपील केलं. फेब्रुवारी २०२२ मध्ये २ कोटी ४० लाख डॉलरची तडजोड झाली.

पण तडजोड म्हणजे मागची थकबाकी. पुढचं काय? त्यासाठी नवा करार करायचा होता, आणि तेव्हा खेळाडूंच्या संघटनेची अध्यक्ष होती सावरब्रन. मे २०२२ मध्ये करार जाहीर झाला. त्यातलं सगळ्यात धाडसी कलम असं : पुरुषांचा आणि महिलांचा संघ आपापल्या विश्वचषकाची बक्षिसाची रक्कम एकत्र करतील आणि सारखी वाटून घेतील. फिफा पुरुषांच्या स्पर्धेला कितीतरी पट जास्त पैसे देते. म्हणजे पुरुष खेळाडूंनी आपल्या ताटातलं काढून द्यायला तयार व्हायला हवं होतं. ते झाले. त्यामागे कित्येक महिन्यांच्या बैठका, मसुदे, आकडेमोड होती. सामने आणि सराव सांभाळून ती हे करत होती. इथेही गोल तिच्या नावावर नाही, पण त्या करारामुळे कमाई झालेली प्रत्येक मुलगी तिचं देणं लागते.

पोर्टलंडमधल्या प्रकरणात ती काय बोलली?

२०२१ मध्ये लीगमधल्या प्रशिक्षकांकडून खेळाडूंच्या छळाच्या तक्रारी उघड झाल्या. ऑक्टोबर २०२२ मध्ये माजी कार्यवाहू महान्यायवादी सॅली येट्स यांचा चौकशी अहवाल आला. राष्ट्रीय संघ तेव्हा इंग्लंडविरुद्ध लंडनच्या वेम्बली स्टेडियमवर खेळायच्या तयारीत होता. सावरब्रनने पत्रकारांसमोर स्पष्ट सांगितलं की ज्या मालकांनी, अधिकाऱ्यांनी खेळाडूंना वारंवार वाऱ्यावर सोडलं, त्यांनी जायला हवं. आपला स्वतःचा क्लब, पोर्टलंड, तोही यातून वगळला नाही. पगार देणाऱ्याविषयी असं बोलायला काय लागतं, ते नोकरी करणाऱ्याला वेगळं सांगायला नको.

२०२३ चा विश्वचषक का खेळली नाही?

पायाची दुखापत. एप्रिलमध्ये लागलं, जूनपर्यंत बरं झालं नाही, आणि कर्णधार असूनही तिला जाता आलं नाही. अमेरिका शेवटच्या सोळा संघांच्या फेरीत स्वीडनकडून पेनल्टी शूटआउटमध्ये बाहेर पडली. गंमत अशी की त्या स्पर्धेत बचावाने काम चोख केलं होतं, चार सामन्यांत एकच गोल खाल्ला. गोल होत नव्हते ते पुढे.

तिची जागा आता कोण घेतंय?

४ क्रमांकाची जर्सी नेओमी गर्माकडे गेली. जन्म २०००, कॅलिफोर्नियातलं सॅन होजे, आईवडील इथिओपियातून आलेले. शैली तीच : पडायचं नाही, घाई करायची नाही, बॉल काढला की तो नीट आपल्याच माणसाकडे द्यायचा. पॅरिस ऑलिम्पिकचं सुवर्ण जिंकणाऱ्या संघाचा ती कणा होती. जानेवारी २०२५ मध्ये चेल्सीने तिला दहा लाख डॉलरहून जास्त रक्कम मोजून घेतलं. महिला फुटबॉलमध्ये एवढी किंमत पहिल्यांदा मोजली गेली, आणि ती गोल करणारीसाठी नव्हे, बचावपटूसाठी. ती बातमी वाचून मी दिवसभर खुशीत होते.

सावरब्रन कधी भारतात खेळली का?

मी तरी तिला इथे बघितलेलं नाही. अमेरिकेच्या १७ वर्षांखालच्या मुली मात्र ऑक्टोबर २०२२ च्या विश्वचषकासाठी आल्या होत्या. भुवनेश्वरला त्यांनी भारताला ८-० ने हरवलं आणि नवी मुंबईत डी. वाय. पाटील स्टेडियमवर उपांत्यपूर्व सामन्यात नायजेरियाकडून शूटआउटमध्ये हरल्या. अंतिम सामनाही तिथेच झाला.

तिचा खेळ समजून घ्यायला कुठला सामना आधी बघू?

२०१५ चा उपांत्य सामना, अमेरिका विरुद्ध जर्मनी, माँट्रिअल. जर्मनी त्या स्पर्धेत सगळ्यात जास्त गोल करणारा संघ होता. त्यांच्या सेलिया शाशिचने सहा गोल ठोकलेले होते. तरीही खेळ चालू असताना जर्मनीला गोलसमोर मोकळी जागा क्वचितच मिळाली. दुसऱ्या डावात त्यांना पेनल्टी मिळाली, तीही शाशिचने बाहेर मारली.

पहिल्यांदा बघताना बॉलकडे बघूच नका. कॅमेरा लांबचा असेल तेव्हा ४ नंबर शोधा आणि दहा मिनिटं फक्त तिच्याकडे बघा. बॉल पलीकडच्या टोकाला असतानाही ती दोन पावलं डावीकडे, एक मागे, परत उजवीकडे सरकत असते. दर काही सेकंदांनी मान वळवून पाठीमागे कोण आहे ते बघून घेते. मध्येच हात वर करून क्लिंगनबर्गला आत ये म्हणून खुणावते. अकराव्या मिनिटाला तुम्ही सामना मागे न्याल आणि तेच दृश्य पुन्हा बघाल.